पहिल्या वेच्याचा दिवस

मित्रांनो, दहावीच्या पहिल्या पेपराला निघताना आईनं तुमच्या हातात हॉलतिकीट, दोन पेनं आणि एक तपकिरी पुठ्ठा कोंबला असेल, वर पोलादी क्लिप असलेला. परीक्षा संपली की तो कपाटावर जातो आणि घरातलं पुढचं पोर दहावीला येईपर्यंत त्याचं कुणी नाव घेत नाही. तोच मी, लिहायचा पॅड. आता माझं वय झालं आहे. कडा फुगल्या आहेत, क्लिपला गंज चढला आहे, तरी बोलायची खोड काही जात नाही. इतकी वर्षं माझ्या छातीवर लोकांचे संवाद लिहिले गेले, त्याचाच हा परिणाम असावा. पण आज सांगतो ती गोष्ट माझी कमी आणि आचलची जास्त आहे. आचलला सिनेमा करायचा होता. नुसता लिहायचा नव्हे, करायचा. ते कसं जुळलं आणि कसं मोडलं, ते मी तिच्या हाताखालून पाहिलं आहे.

मला बनवलं अकोल्याच्या एमआयडीसीतल्या एका पत्र्याच्या शेडमध्ये. लाकडाचा भुसा, काहीतरी चिकट आणि वरून भलंमोठं दडपण, एवढंच माझं बाळपण. क्लिप ठोकणाऱ्याला जेवायची घाई झालेली असावी, कारण माझी क्लिप जन्मापासून जराशी डावीकडं झुकलेली आहे. तिथून मी जठारपेठेतल्या एका स्टेशनरीच्या दुकानात आलो आणि तिथून कौशल्याबाई गावंडे यांच्या पिशवीत. कौशल्याबाई म्हणजे आचलची आई. त्या घरून जेवणाचे डबे करून द्यायच्या. त्यांनी माझी क्लिप दोनदा दाबून पाहिली, जोर आहे म्हणाल्या आणि भाव करून मला घेतलं. घरी आल्यावर आचलनं माझ्या पाठीवर मार्करनं नाव लिहिलं, आचल गावंडे, दहावी ब. त्या दिवशी मी किती ताठ होतो म्हणून सांगू.

परीक्षेच्या हॉलमध्ये पहिल्याच दिवशी माझी अब्रू जायची वेळ आली. पर्यवेक्षक सरांनी मला उलटं करून पाहिलं तर पाठीवर पेन्सिलीनं बारीक अक्षरात काहीतरी लिहिलेलं. सरांना वाटलं, सापडली कॉपी. त्यांनी चष्मा वर करून वाचायला घेतलं, तर नळावर भांडणाऱ्या दोन बायांचा संवाद निघाला. आचलनं तो आदल्या दिवशी गल्लीत ऐकला होता आणि विसरायला नको म्हणून मिळेल त्या जागी उतरवून ठेवला होता. सर खिडकीकडं तोंड करून हसले, खोडरबर देऊन सगळं पुसायला लावलं आणि मराठीच्या पेपरात असलं काही लिहू नको म्हणाले. तिचा पहिला वाचक म्हणजे ते सर. आचलनं पुसलं, पण ओळी तिला पाठ होत्या.

पुढं ती अमरावतीला कॉलेजात गेली आणि मीही गेलो. दुसऱ्या पोरींच्या पॅडांना परीक्षेपुरतं काम असे, मला बारमाही होतं. एकांकिका लिहायची तर माझ्यावर, प्रवेश खोडायचे तर माझ्यावर. तिची लिहायची रीत वेगळी होती. वाक्य आधी तोंडात घोळवायची, मग हळूच बोलून पाहायची, आणि कानाला पटलं तरच कागदावर टेकवायची. अमरावतीहून अकोल्याला बसनं यायची तेव्हा मूर्तिजापुरात गाडी थांबली की चढणाऱ्या उतरणाऱ्या बायांची बोलणी ऐकत बसायची. शेजारची बाई आपल्या सुनेचं गाऱ्हाणं सांगे आणि ही माझ्या आडून टिपून घेई. चोरटी होती ती, पण तिनं चोरलेल्या शब्दांची टिंगल कधी केली नाही.

तिथंच तिला शाहनवाज भेटला. त्याच्या वडलांचा फोटो स्टुडिओ होता आणि हा लग्नांची शूटिंगं करायचा. नवरदेवाच्या वरातीत घोड्याच्या पुढं उलटं चालत चालत शिकलेला कॅमेरामन. हात इतका स्थिर की तो माझ्यावर चहाचा भरलेला कप ठेवून जिना चढायचा आणि थेंब सांडायचा नाही. दोघांनी मिळून सुट्टीच्या दिवसांत छोट्या छोट्या फिल्मा केल्या. ती लिहायची, तो टिपायचा, आणि सांगायचं कुणी कुणाला, तर दोघंही एकमेकांना. त्या दिवसांची आठवण आली की मला अजूनही बरं वाटतं.

मग तिला खरं काम मिळालं. वऱ्हाडातल्या एका कुटुंबावर मालिका निघाली होती. लिहिणारे पुण्याचे. त्यांच्या संवादांना वऱ्हाडी करून द्यायचं, हे आचलचं काम. रोज दहा पानं यायची, मी ती छातीशी धरायचो आणि ती एकेक वाक्य मोडून आपल्या बोलीत बसवायची. काम फक्कड व्हायचं. सेटवरची मोठी नटमंडळी तिला शोधत यायची, म्हणायची, आचलनं लिहिलं की जीभ आपोआप वळते. पण पडद्यावर तिचं नाव ‘विशेष आभार’ मध्ये यायचं, तेही इतक्या झरझर की कौशल्याबाईंना चष्मा लावेपर्यंत निघून जायचं.

तेही तिनं सोसलं असतं, पण एक प्रसंग तिच्या जिव्हारी लागला. तिनं एका आईचा संवाद लिहिला होता. पोरगा शहरात गेला आहे, फोन करत नाही, आणि ती शेजारणीला सांगते आहे की मले त्याची आठवण येतच नाई बावा. खोटं बोलते आहे हे ऐकणाऱ्याला कळावं, असं ते होतं. दिग्दर्शकांनी तो प्रसंग विनोदी करून टाकला. नटीला डोळे फिरवायला सांगितलं, मागं फुसकं संगीत टाकलं. त्यांचा हेतू वाईट नव्हता. त्यांना वऱ्हाडी ऐकली की हसूच यायचं. त्या संध्याकाळी आचलनं माझ्यावर कागद लावला आणि काहीच लिहिलं नाही. मग तिनं शाहनवाजला फोन करून सगळं सांगितलं. तो म्हणाला,

“लिवून लिवून दुसऱ्याच्या हाती कावून देतं वं? तुयं तूच कर ना. कॅमेरा मी पकडतो.”

मित्रांनो, एवढ्या एका वाक्यापायी तिनं पुढची तीन वर्षं घालवली. लिहिणं कमी करून ती सेटवर साहाय्यक म्हणून उभी राहायला लागली. साहाय्यक म्हणजे पडेल ते काम. माझ्यावर आता संवादांऐवजी नोंदी आल्या. नायिकेच्या उजव्या हातात किती बांगड्या, पेल्यात पाणी कुठपर्यंत, पदर कुठल्या खांद्यावर. उन्हात उभं राहून तिच्या मानेवर चट्टे आले आणि माझा रंग उडाला. लोक चांगलं म्हणायचे, पण चांगलं म्हणून पुन्हा बोलीचीच पानं तिच्या हातात द्यायचे. घरी आली की कौशल्याबाई विचारायच्या, तुयं नाव केव्हा येते. ती म्हणायची, येईन.

या सगळ्यात वेळ काढून तिनं स्वतःची एक पटकथा लिहिली. नाव ‘पहिला वेचा’. दोन जावा, नऊ वर्षं एकमेकींशी बोललेल्या नाहीत. एकाच वावरात, शेजारशेजारच्या ओळीत कापूस वेचतात, पण अबोला. तुम्ही शहरातले असाल तर सांगतो, आमच्याकडं कापसाचा पहिला वेचा सुरू करण्याआधी सीतादही करतात. धुऱ्यावर, म्हणजे वावराच्या बांधावर, सात खडे मांडायचे, त्यांना हळदकुंकू वाहायचं, दहीभात वावरात शिंपायचा, आणि मगच बोंडाला हात लावायचा. आचलच्या गोष्टीत शेवटी मोठी जाऊ सीतादही करते आणि धाकटीपुढं वाटी धरून म्हणते, “दही घे वं.” बस, एवढंच. नऊ वर्षांनी तीन शब्द, आणि दोघींच्या मागं न वेचलेलं, पांढरं फटक वावर. माझ्यावर आजवर जे काही लिहिलं गेलं त्यात हे शेवटचं पान मला सगळ्यात आवडलं. हे ऐकून कुणी हसणार नाही, असा सिनेमा तिला करायचा होता.

पैसा लावायला अमरावतीचे कुलदीपभाऊ तयार झाले. प्लॉटिंगच्या धंद्यातला माणूस, पण मनाचा हौशी. त्यांनी पटकथा ऐकली आणि शेवटाला रुमाल काढला. त्यांच्या बायकोची अन् भावजयीची गोष्ट अशीच होती म्हणे. पटकथा त्यांच्या नावावर करून घेतली, कागदावर सह्या झाल्या, आणि दिग्दर्शक म्हणून आचल गावंडे असं टाइप केलेलं पान माझ्या क्लिपेत अडकलं. तिनं ते घरी नेऊन आईला दाखवलं. कौशल्याबाईंनी हात पुसून ते वाचलं, पुन्हा वाचलं आणि डबे भरायला बसल्या. तेव्हा त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, कांदा चिरलेला नव्हता.

बाकीचा सिनेमा झाला ठीकठाक. राहिलं होतं शेवटचं पान. मोठ्या जावेचं काम करणारी नटी मुंबईची, नावाजलेली, स्वभावानं चांगली, पण या पानासाठी तिचा एकच दिवस मिळाला होता. वावर तेल्हाऱ्याचं, आचलच्या मामाचं. पुंजाराम मामांनी भाचीसाठी वेचणी आठ दिवस थांबवली. आजूबाजूची सगळी वावरं वेचून झाली, मामाचं तेवढं पांढरं उभं. कापूस फुटून लोंबायला लागला, वारा आला की गळायचा. मामी कुरकुरल्या, मामा म्हणाले की पोरीचं काम आहे, होऊ दे.

आदल्या संध्याकाळी मामाच्या अंगणात आचलनं वेचणाऱ्या बायांना बोलावून सगळा प्रसंग वाचून दाखवला. बावीस बाया होत्या, आणि त्यांना जमवून आणणाऱ्या दुर्गाबाई, साठीच्या, खमक्या. आचल वाचते छान. जावांचे इतर बायांशी टोमणे आणि शेवटचे ते तीन शब्द तिनं असे वाचले की बाया आधी हसल्या आणि मग दुर्गाबाईंनी पदराला नाक पुसलं. पण मित्रांनो, संवादांच्या वर कंसात एक ओळ होती. वावर पांढरं, अजून एकाही बोंडाला हात लागलेला नाही, अशी. ती ओळ तिनं वाचली नाही. मुद्दाम नाही. कंसातलं मोठ्यानं वाचायची तिला सवयच नव्हती. इतकी वर्षं ती लोकांसाठी बोलणं लिहीत आली होती. कंसातलं काय ते पाहायला दुसरं कुणी असायचं. आता ते दुसरं कुणी म्हणजे आपणच, हे तिच्या ध्यानात आलं नाही, आणि ते पान माझ्याच छातीवर होतं.

सकाळी तालीम झाली. दुर्गाबाई म्हणाल्या, सीतादही खोटं करत नसतात, करायचं तर खरं. आचललाही तेच हवं होतं. तिनं बायांना सांगितलं की कॅमेरा आहे म्हणून वेगळं काही करू नका, दरवर्षी करता तसंच करा. मग सात खडे मांडले, हळदकुंकू झालं, मामींनी आणलेला दहीभात शिंपला. शाहनवाज कॅमेऱ्यातून पाहून खूश झाला. चारच्या उन्हात हे वावर कसं दिसेल ते बघच म्हणाला. तेव्हाच मुंबईची नटी आल्याचा निरोप आला. मेकअप मामाच्या ओसरीवर, वावरापासून अर्धा किलोमीटरवर. तिला ते तीन शब्द जमत नव्हते. “दही घे वं” मधला तो ‘वं’, म्हणजे तुमचा ‘गं’, तिच्या तोंडून कधी हुकूम व्हायचा, कधी लाडीगोडी. आचलचा जीव वरखाली झाला. तिनं मला दुर्गाबाईंच्या हातात दिलं, हे सांभाळा मावशी, मी आलीच, असं म्हणाली आणि गेली. चेहऱ्यावर उजेड कसा पडतो ते पाहायला शाहनवाजलाही तिनं बरोबर नेलं. बाकीची मंडळी जेवायला म्हणून आधीच घराकडं निघाली होती.

दुर्गाबाईंनी मला धुऱ्यावर बाभळीखाली ठेवलं आणि उडू नये म्हणून वर दगड ठेवला. बायांनी भाकरी खाल्ली, पाणी प्यायल्या, थोड्या लवंडल्या. मग दुर्गाबाई उठल्या. त्या जे बोलल्या ते मी ऐकलं आणि माझ्या अंगाचा भुसा थरथरला. त्या म्हणाल्या की आचलच्या मामाचा कापूस आठ दिवस तिच्यापायी गळून राहिला, सीतादही तर झालंच आहे, मग आपण हात बांधून कावून बसायचं. शूटिंगमध्ये वेचायचंच आहे, तर मामाचं वावरही मोकळं होईल आणि पोरीवर त्याचा भार राहणार नाही. बावीस बाया कमरेला झोळ्या बांधून ओळीला लागल्या. यात कुणाचं वाईट चिंतणं नव्हतं. माया होती, सगळी माया.

मित्रांनो, दगडाखाली दबून मी पाहत होतो. तुम्ही वेचणाऱ्या बायांचे हात कधी पाहिले आहेत का. दोन्ही हात एकाच वेळी दोन झाडांवर, डोळे तिसऱ्यावर आणि तोंडानं गप्पा. दीड एकराचं वावर पुढून मागं असं विझत गेलं. माझ्या छातीवर लिहिलेलं होतं की एकाही बोंडाला हात लागलेला नाही, आणि ते मला एकट्यालाच वाचता येत होतं. मला तोंड असतं तर मी बोंबललो असतो. पुठ्ठ्याचा जन्म किती कुचकामी, ते त्या दुपारी मला कळलं.

तिकडं ओसरीवर आचल अडीच तास तो ‘वं’ बसवत होती. शेवटी बसला, आणि असा बसला म्हणे की मामींनी डोळे पुसायला तोंड फिरवून घेतलं. साडेतीनला सगळी मंडळी हसतखेळत वावराकडं आली. पुढं आचल, मागं नटी, मग कुलदीपभाऊ. धुऱ्यावर पांढऱ्या गाठोड्यांची रांग होती आणि पुढं नुसत्या तपकिरी पऱ्हाट्या, कापसाविना उघडी झाडं. दुर्गाबाई कंबर धरून सरळ झाल्या, घाम पुसला आणि आनंदानं म्हणाल्या,

“झालं वं पोरी. मामाचा कापूस थांबला व्हता ना तुयापायी. घे, मोकळं केलं वावर.”

आचल वावरात शिरली. चार पावलं गेली, एक रिकामं बोंड हातात घेतलं आणि उभी राहिली. शाहनवाजनं हातातला कॅमेरा जमिनीवर ठेवला. काय झालं ते हळूहळू बायांच्या लक्षात आलं, आणि मग त्यांनी जे केलं ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. त्यांनी गाठोडी सोडली आणि कापूस परत बोंडांत खोचायला लागल्या. एकेक बोट, एकेक बोंड. कापूस काही राहीना. या बोंडात खोचावा तर त्या बोंडातून गळावा, वारा आला की ओळच्या ओळ मोकळी. नटीसुद्धा शूटिंगच्या लुगड्यात खाली बसून खोचत होती. आचलही खोचत होती, वेड्यासारखी, बोटांतून रक्त येईपर्यंत. चारचं ऊन आलं, पिवळं झालं आणि गेलं. कॅमेऱ्यात दिसायचं ते फाटक्या गादीसारखं दिसत होतं. शाहनवाजनं कॅमेऱ्यावरून डोळा हटवला आणि नुसती मान हलवली.

कुलदीपभाऊ ओरडले असते तर बरं झालं असतं. ते तिच्याजवळ आले, खांद्यावर हात ठेवला आणि सगळ्यांसमोर म्हणाले,

“आचल, तू लिवतं चांगलं.”

तिला सगळं समजलं. मलाही समजलं. तिनं त्याच जागी उभं राहून एकच मागितलं, पुढच्या हंगामातला एक दिवस. नटीची तारीख मी घेऊन येते म्हणाली, मामाचं वावर मी राखते म्हणाली. कुलदीपभाऊ म्हणाले, पाहू. वऱ्हाडात ‘नाही’ तोंडावर सांगतात आणि ‘पाहू’ म्हणतात ते आशा संपल्यावर. जानेवारीत त्यांचा फोन आला. पुण्याचे नितेश सर म्हणून दिग्दर्शक आहेत, अनुभवी आहेत, त्यांना पटकथा फार आवडली आहे, थोडं पुन्हा शूट करून ते सिनेमा पुरा करतील. कथा-पटकथा-संवाद तुझंच नाव, त्यात एका अक्षराचा बदल नाही. आचल हो म्हणाली. कागदावर सह्या झालेल्या होत्या आणि त्या नसत्या तरी ती हो म्हणाली असती, कारण सिनेमा डब्यात पडून राहावा असं तिला वाटत नव्हतं. फोन ठेवल्यावर तिनं क्लिप दाबून ते टाइप केलेलं पान काढलं, चार घड्या केल्या आणि आईला दिसणार नाही अशा जागी ठेवून दिलं.

पुढच्या हंगामात पुन्हा तेच वावर पांढरं झालं. बाया नितेश सरांच्या बोलावण्यावर येईनात, म्हणून कुलदीपभाऊंनी आचलला गळ घातली. ती आली. बोली पाहायला, एवढंच तिचं काम. मी तिच्या हातात होतो. नितेश सर शांत आणि हुशार माणूस. त्यांनी वावराला दोरी लावून ठेवली, पहाऱ्याला माणूस बसवला, भाताच्या जागी थर्माकोलचे दाणे आणले आणि बायांना हात नुसता फिरवायचा असं दोनदा करून दाखवलं. त्यांनी कंसातली प्रत्येक ओळ पाहिली होती. मला त्यांचा राग करायचा होता, पण करायला काही सापडलं नाही.

चारचं ऊन पडलं. कॅमेरा लागला, शाहनवाजचा नव्हे, दुसऱ्या कुणाचा. बावीस बाया ओळीत उभ्या राहिल्या. सगळे थांबले. दुर्गाबाईंनी मान वळवून नितेश सरांना ओलांडून मागं पाहिलं आणि तिथून विचारलं,

“आचल, सुरू करू का वं?”

सगळ्यांच्या माना मागं वळल्या. आचलनं मला पोटाशी घट्ट धरलं. तिची नखं माझ्या कडेत रुतलेली मला कळत होती. ती म्हणाली,

“मले नोका इचारू, मावशी. त्याइले इचारा.”

दुर्गाबाईंनी पदर खोचला. मग त्या नितेश सरांकडं वळल्या आणि परकं माणूस विचारतं तसं विचारलं की सर, करू का. सर म्हणाले, करा. नटीनं वाटी पुढं धरली, तीन शब्द बोलली, तो ‘वं’ आचलनं बसवला होता तसाच्या तसा आला. एकाच फटक्यात प्रसंग झाला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. आचलनंही वाजवल्या, त्यासाठी तिनं मला खाली ठेवलं.

तिथून तिनं मला उचललं नाही. मामींनी घरी नेलं आणि मी तेव्हापासून त्यांच्या पाण्याच्या माठावर झाकण आहे. ओल लागून थर सुटत चालले आहेत. आचल अमरावतीला असते, मालिकांची बोली फोनवर करून देते, काम चांगलं चालतं. मामाकडं आली की पाणी पिते. मला उचलून बाजूला ठेवते, गडवा बुडवते, परत मला जागेवर ठेवते. माझ्या पाठीवरचं नाव तिच्या बोटांखाली असतं. सिनेमाचा विषय ती काढत नाही आणि दुसऱ्या कुणी काढला तर म्हणते, मी लिवतो चांगलं.

मित्रांनो, आम्हा जुन्या वस्तूंना शेवटी उपदेश करायचा असतो, म्हणून करतो. पॅड जपून ठेवा, पाण्यापासून दूर ठेवा, हे तुम्हाला दुकानदारही सांगेल. मी दुसरंच मागतो. तुमच्यापैकी कुणी उद्या शेठ व्हाल, साहेब व्हाल, कुणाच्या हाती काम द्यायचं ते ठरवाल. तेव्हा एखादं माणूस पहिल्यांदाच मोठं काम अंगावर घेईल आणि फसेल. त्याला तुम्ही दुसरा दिवस द्या. आचलनं तो मागितला होता, सगळ्यांसमोर, रक्ताळलेल्या बोटांनी. तिथं कुलदीपभाऊ होते, नटी होती, मामा होते, चांगली चांगली माणसं होती. द्यायची खरी इच्छा फक्त मला होती, आणि मी पडलो पुठ्ठा.